भिंतीतली नस

(गारखेडा परिसरातील स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित मजकूर)



आयोजकांनी मला ‘पाठदुखी’ हा विषय दिला होता. तो छाटत छाटत मी एमआरआयच्या रिपोर्टातल्या एका ओळीवर आणून ठेवला आहे. सबंध पाठदुखीवर तासभर बोललो तर शेवटी वजन कमी करा, व्यायाम करा, एवढंच तुमच्या हाती लागेल. क्रीडा संकुलावर सकाळी फेऱ्या मारणाऱ्यांत कंबरेला पट्टा बांधलेले इतके लोक असतात, की हे ज्ञान तिथे फुकट मिळतं.

आता ती ओळ. कंबर दुखते म्हणून एमआरआय होतो. दोन पानी रिपोर्टात वरती गादी सरकल्याचं, मणके झिजल्याचं लिहिलेलं असतं. ते चाळिशीनंतर बहुतेकांचं निघतं. आणि अगदी तळाशी असतं : दुसऱ्या त्रिक-मणक्याच्या पातळीवर पेरिन्यूरल सिस्ट, इतके इतके मिलिमीटर. कुणी त्याला टार्लोव्ह सिस्ट म्हणतं. पेशंट ही ओळ वाचतो, त्याचा पुतण्या ती मोबाइलवर शोधतो आणि रात्रीच्या जेवणापर्यंत घरात ‘मणक्यात गाठ’ निघालेली असते. गाठ म्हटलं की आपल्याकडे दोन प्रश्न ठरलेले. कॅन्सरची नाही ना? आणि काढता येईल ना? पहिल्याचं उत्तर एका वाक्यात संपतं : ही कॅन्सरची गाठ नव्हे आणि ती पुढे कॅन्सर होत नाही. दुसऱ्याचं उत्तर द्यायला मला उरलेला सगळा वेळ लागणार आहे.

थोडी शरीररचना सांगतो, कंटाळू नका. मज्जारज्जू कण्याच्या पार टोकापर्यंत जात नाही. कंबरेच्या पहिल्या-दुसऱ्या मणक्यापाशी तो संपतो आणि खाली नुसत्या नसांचा झुबका पाण्यात तरंगत असतो. मेंदू आणि मज्जारज्जू ज्यात असतात तेच हे पाणी. मोठ्या माणसाच्या अंगात ते एका वेळी दीडशे मिलिलिटरच्या आसपास असतं आणि शरीर दिवसाला सुमारे ५०० मिलिलिटर नवं तयार करतं. म्हणजे दिवसातून तीनेक वेळा सगळं पाणी बदलतं. हे कशाला सांगतो? उपसून टाकलेलं पाणी शरीराला काही तासांत भरून काढता येतं, हे पुढे कामाला येणार आहे.

या झुबक्यातली प्रत्येक नस कण्याबाहेर पडताना आपलं आवरण घेऊन निघते. संवेदना आणणाऱ्या मागच्या मुळावर एक फुगीर जागा असते, तिथे संवेदनेच्या पेशी एकत्र असतात. त्या जागेपाशी आवरणाच्या थरांमध्ये पाणी शिरतं आणि जागा फुगते. दर ठोक्याला, प्रत्येक शिंकेला, खोकल्याला या पाण्याचा दाब हलतो. आत जायची वाट सापडते पण परतीची चिंचोळी, सायकलच्या ट्यूबच्या व्हॉल्व्हसारखी. मग वर्षानुवर्षं फुगा हळूहळू वाढतो, कधी शेजारचं हाडसुद्धा आतून कोरून काढतो. हे का होतं, यावर अजून वाद आहे. जन्मजात आवरण सैल असणं, जुना मार, जुना रक्तस्राव अशी कारणं पुढे येतात. मार्फान किंवा एलर्स-डॅनलॉससारख्या, शरीरातले जोडणारे धागेच सैल असणाऱ्या आजारांत या सिस्ट जास्त दिसतात, एवढं मात्र पक्कं.

आता आजच्या बोलण्यातली मुख्य गोष्ट. अंडाशयातली सिस्ट घ्या, त्वचेखालची चरबीची गाठ घ्या. तिथे गाठ एकीकडे आणि उपयोगाचा अवयव दुसरीकडे असतो. सर्जन मधली फट शोधतो आणि गाठ सोडवून काढतो. टार्लोव्ह सिस्टमध्ये ती फटच नाही. नसेचे धागे सिस्टच्या भिंतीतून जातात, कधी तिच्या पोकळीतून आरपार जातात. भिंत म्हणजेच नस. सिस्ट कापून काढली तर नस कापली जाते. आणि या नसा कुठल्या? बहुधा त्रिकास्थीतली दुसरी आणि तिसरी. बैठकीची आणि जननेंद्रियांची संवेदना, लघवी आणि संडासवरचा ताबा, लैंगिक क्रिया, हे सगळं त्यांच्या हाती असतं.

सगळ्याच पाण्याच्या पिशव्या अशा नसतात. १९८८ साली नेबर्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मणक्यातल्या या पिशव्यांची तीन प्रकारांत विभागणी केली. बाहेरच्या आवरणाच्या पण आत नस नसलेल्या पहिल्या, नस असलेल्या दुसऱ्या, आणि आवरणाच्या आतल्या तिसऱ्या. टार्लोव्ह दुसऱ्या प्रकारात येते. पहिल्या प्रकारातल्या पिशवीची मान बांधून टाकता येते, पुष्कळदा छान निकाल लागतो. म्हणून माझ्या समोर कुणी नुसता रिपोर्ट ठेवला तर मी तो बाजूला सारतो आणि फिल्म किंवा सीडी मागतो. रिपोर्टात दोन्ही प्रकारांना नुसतं ‘सिस्ट’ लिहिलेलं असू शकतं.

ज्यांच्या नावाने ही सिस्ट ओळखली जाते ते इसाडोर टार्लोव्ह अमेरिकन न्यूरोसर्जन होते. ही सिस्ट त्यांना पेशंटमध्ये सापडली नाही. मॉन्ट्रियलच्या न्यूरोलॉजिकल इन्स्टिट्यूटमध्ये ते मृतदेहांच्या कण्याचं शेपूट, मज्जारज्जूच्या टोकापासून खाली जाणारा धागा, तपासत होते. ते करताना त्रिकास्थीतल्या मुळांवर हे फुगे दिसले आणि १९३८ साली त्यांनी त्याची नोंद छापली. ही संस्था वाइल्डर पेनफिल्ड यांनी १९३४ साली उभी केली. आपल्याशी तिचं नातं जवळचं आहे. १९४९ साली वेल्लोरला देशातला पहिला न्यूरोसर्जरी विभाग सुरू करणारे डॉ. जेकब चांडी तिथलेच विद्यार्थी आणि मुंबईत हे शास्त्र रुजवणाऱ्यांतले डॉ. राम गिंडे हेही पेनफिल्ड यांच्याच हाताखाली शिकलेले. आमच्या पिढीला मिळालेलं शिक्षण या दोन वाटांनी आलं.

मृतदेहांत सापडलेला फुगा जिवंतपणी दुखत होता का, हे कुणाला विचारणार? दहा वर्षं ती नुसती एक नोंद राहिली. १९४८ साली टार्लोव्ह यांनी अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या नियतकालिकात दुसरा लेख लिहिला. या सिस्टमुळे सायटिकासारखं दुखणं होऊ शकतं आणि ते कारण काढून टाकता येतं, असं त्यांनी लेखाच्या शीर्षकातच लिहून टाकलं. १९५३ साली याच विषयावर त्यांचं पुस्तक आलं. सिस्ट आणि तिच्याबरोबर ती नसही कापावी, असा त्यांचा सल्ला होता. त्या काळी दुसरं साधनही नव्हतं. आज तो सल्ला सहसा कुणी पाळत नाही.

याच टार्लोव्ह यांचं दुसरं काम मला जास्त आवडतं. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तुटलेल्या नसा टाक्यांनी जोडण्याऐवजी रक्तद्रवाच्या गुठळीने चिकटवता येतील का, हा प्रयोग ते करत होते. १९५० साली त्यावरही त्यांनी पुस्तक लिहिलं. रक्त गोठताना जो चिकट धागा तयार होतो, फायब्रिन, त्याचाच हा डिंक. जवळपास पन्नास वर्षांनी टार्लोव्ह सिस्ट भरण्यासाठी डॉक्टरांनी जे पदार्थ निवडले त्यात हाच फायब्रिनचा डिंक आला. दोन्ही कामं एकाच माणसाची. पण ती एकत्र आली तेव्हा तो हयात नव्हता. टार्लोव्ह १९७७ साली गेले.

एमआरआय येण्याआधी ही सिस्ट शोधणं म्हणजे चिकाटीचं काम होतं. पाठीत सुई घालून तेलकट रंगद्रव्य सोडायचं आणि एक्स-रे काढायचे. आमच्या शिकण्याच्या दिवसांत मायोडिल नावाचं असं द्रव्य वापरात होतं. ते टार्लोव्ह सिस्टमध्ये लगेच शिरत नसे. टार्लोव्ह यांनीच लिहून ठेवलंय की काही तासांनी, काही दिवसांनी पुन्हा फोटो काढा, तेव्हा कुठे सिस्ट भरलेली दिसेल. आणि हे तेल पुष्कळदा आतच राहायचं, नसांना चिकटून दाह करायचं. आज चाळीस मिनिटं यंत्रात पडून राहिलं की पाणी पांढरंशुभ्र चमकतं, सिस्ट लपत नाही. सोय झाली यात शंका नाही. पण दिसायला लागली म्हणून ती दोषी ठरायला लागली, ही त्याची दुसरी बाजू.

१९९४ साली पॉलसेन आणि सहकाऱ्यांनी कंबरेचे ५०० एमआरआय तपासले. ४.६ टक्के लोकांत टार्लोव्ह सिस्ट निघाल्या, म्हणजे २३ जणांत. त्यातल्या फक्त पाच जणांच्या दुखण्याचं कारण ती सिस्ट असावी, असं त्यांना वाटलं. पुढच्या अभ्यासांतले आकडे थोडे पुढेमागे होतात, पण चित्र तेच राहतं : शंभरातल्या चार-पाच माणसांत सिस्ट असते, बायकांत जास्त, आणि बहुतेकांना तिचा पत्ताही नसतो. आज या सभागृहात शंभरावर माणसं आहेत. हिशेब तुम्हीच करा. घरी गेल्यावर एमआरआय काढायला मात्र धावू नका.

म्हणजे उपचाराआधीचा प्रश्न आहे तो आरोप सिद्ध करण्याचा. एक शेतकरी पेशंट आठवतात, गंगापूरकडचे. डावा पाय घोट्यापर्यंत जळायचा आणि रिपोर्टात उजवीकडे दुसऱ्या त्रिक-नसेवर सिस्ट. त्यांच्या मुलाला सिस्टचं ऑपरेशन हवं होतं. दोष होता कंबरेच्या शेवटच्या गादीचा. डाव्या पायाला छळायला उजवीकडची सिस्ट येत नसते.

सिस्ट खरोखर दोषी असते तेव्हा दुखण्याची चाल वेगळी असते. माकडहाडाच्या वर, बैठकीत, मांडीच्या मागे, गुप्तांगाच्या भागात जळजळ, बधिरपणा, विजेसारख्या कळा. बसलं की वाढतं, फार वेळ उभं राहिलं तरी वाढतं. आडवं झालं की उतरतं. खोकला, शिंक, संडासला जोर, एसटीचा गचका, काहीही झालं की कळ उठते. लघवी सुरू व्हायला वेळ लागतो किंवा आवरत नाही. सिस्ट दीड सेंटीमीटरपेक्षा मोठी असेल आणि हाड कोरलं गेलं असेल तर संशय बळावतो. वॉशिंग्टनच्या व्होयाझिस आणि सहकाऱ्यांनी २००१ साली शस्त्रक्रिया झालेल्या दहा पेशंटचा आढावा छापला. दीड सेंटीमीटरहून मोठी सिस्ट आणि नसेच्या वाटेने जाणारं दुखणं असलेल्या सात जणांना चांगला आराम पडला. ज्यांच्या सिस्ट लहान होत्या त्या तिघांना फरक पडला नाही. दहा म्हणजे फार थोडे. तरी दीड सेंटीमीटरची ती खूण आजही वापरात आहे, कारण अनुभवाशी ती जुळते.

याच्या जोडीला गरजेप्रमाणे मूत्राशयाच्या दाबाची तपासणी आणि ओटीपोटाच्या स्नायूंची विद्युत तपासणी करतो. कधी त्या नसेपाशी भूल देऊन पाहतो. दुखणं तेवढ्यापुरतं गेलं तर आरोपाला वजन येतं. तरीही खुबा, त्रिकास्थीचा सांधा, एंडोमेट्रिओसिस, पुरुषांत प्रोस्टेट हे सगळं आधी वगळावं लागतं. हे काम कंटाळवाणं आहे, त्याचे पैसे कुणी देत नाही, आणि खरी डॉक्टरकी तिथेच आहे असं माझं मत आहे.

इथे उलट्या बाजूची चूकही सांगायला हवी, कारण ती बायकांच्या वाट्याला येते. ‘सिस्ट सगळ्यांत असते, तिचं काही नसतं’ हे वाक्य आम्ही डॉक्टर इतक्यांदा म्हणतो, की खरोखर जिला त्रास आहे तीही त्यात वाहून जाते. एक शिक्षिका होत्या. वर्गात खुर्चीवर बसवत नव्हतं म्हणून दिवसभर उभ्याने शिकवायच्या. मूळव्याध समजून एकाने उपचार केले, दुसऱ्याने मन कणखर करा असं सांगितलं, तिसऱ्याने गर्भपिशवी काढू या म्हटलं. गर्भाशय निर्दोष होतं, दोष सिस्टचा होता. दुखतंय नेमकं कुठे, हे त्यांनी नवऱ्यालाही धड सांगितलं नव्हतं, मग पुरुष डॉक्टरला कुठून सांगतील? नुसतं ‘कंबर दुखते’ एवढंच त्या म्हणायच्या. बाईचं दुखणं आपल्याकडे कंबर आणि पोट या दोन शब्दांत कोंबलेलं असतं.

आणि त्या दोन शब्दांवरून काय काय काढलं जातं, हे मराठवाड्याला वेगळं सांगायला नको. २०१९ साली बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड कामगार बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांची चौकशी करायला नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली शासनाने समिती नेमली. ८२ हजारांवर बायकांची पाहणी झाली, त्यात १३ हजारांहून जास्त जणींचं गर्भाशय काढलेलं निघालं. त्या बायकांना टार्लोव्ह सिस्ट होत्या असं मी मुळीच म्हणत नाही. त्यामागे उसाच्या फडातली मजुरी आहे, बुडणारा रोज आहे, पाळीचा जाच आहे, पैसा आहे. मला त्यातली एकच गोष्ट उचलायची आहे : दुखतंय ना, मग काढून टाका. हा स्वभाव डॉक्टर आणि पेशंट दोघांच्याही अंगात मुरलेला आहे. गर्भाशय काढलेली बाई निदान चालती-फिरती राहते. टार्लोव्ह सिस्ट त्याच उत्साहाने काढली तर लघवीची नळी जन्माची मागे लागू शकते.

उपचारांकडे येतो.

ज्यांना त्रास नाही त्यांना उपचार नाही. हे वाक्य ऐकून पेशंट नाराज होतात, फी देऊन काहीच मिळालं नाही असं त्यांना वाटतं. मोठी सिस्ट असेल तर वर्ष-दोन वर्षांनी पुन्हा फोटो काढून ठेवावा. पाठीत भूल देण्याची वेळ आली, विशेषतः माकडहाडाजवळून इंजेक्शन द्यायचं असेल, तर भूलतज्ज्ञाला सिस्टची माहिती आधी द्यावी, म्हणजे सुई तिच्यात जाणार नाही. बायका मला हमखास विचारतात, सिझरच्या वेळी पाठीत दिलेल्या इंजेक्शनमुळे ही सिस्ट झाली का? तसं सिद्ध झालेलं नाही. ते इंजेक्शन कंबरेच्या मणक्यांत देतात, सिस्ट असते त्याच्या बरीच खाली.

त्रास आहे पण सोसण्यासारखा, तर औषधं. साधी वेदनाशामकं नसेच्या दुखण्यावर फारशी चालत नाहीत. गॅबापेंटिन, प्रीगॅबालिन, ॲमिट्रिप्टिलीन, ड्युलोक्सेटिन यांपैकी एखादं लहान मात्रेने सुरू करून वाढवत नेतात. गुंगी येते, चक्कर येते, प्रीगॅबालिनने पाय सुजतात, किडनी कमकुवत असेल तर मात्रा घटवावी लागते, आणि एकदम बंद करायचं नसतं. दुकानदाराकडून परस्पर घेण्याची ही औषधं नव्हेत. मेंदूचं पाणी कमी तयार व्हावं म्हणून काही डॉक्टर ॲसिटाझोलामाइड देतात. बेल्जियममधल्या मीके हुलेन्स यांचं म्हणणं आहे की या पेशंटांत मुळात पाण्याचा दाबच वाढलेला असतो. विचार ध्यानात घेण्यासारखा आहे, पुरावा अजून तोकडा आहे. त्यात ॲसिटाझोलामाइडने मुतखडा होऊ शकतो, आणि आपल्याकडचा मे महिना त्यासाठी आधीच कंबर कसून बसलेला असतो. मी ते सहसा देत नाही.

व्यायाम द्यावा, पण श्वास रोखून जोर लावायला लावणारा नको. बद्धकोष्ठ होऊ देऊ नये. मधे भोक असलेली गादी बसायला घ्यावी, तिची लाज वाटायचं कारण नाही. मणका बसवणारे, पाठीवर पाय देऊन चालणारे, डाग देणारे यांच्यापासून मात्र लांब राहा. पाठीच्या पोकळीत स्टेरॉइडचं इंजेक्शन देतात, त्याने काही जणांना काही महिने आराम पडतो. सिस्ट तशीच राहते.

यापुढे सुई. सीटी यंत्राखाली पाहत त्रिकास्थीतून सुई सिस्टमध्ये घालायची आणि पाणी काढून घ्यायचं. ऐकायला फार सोपं वाटतं. पॉलसेन यांनी त्या पाच पेशंटांवर तेच केलं. आराम पडला, तो काही आठवडे ते काही महिने टिकला आणि सिस्ट पुन्हा भरली. दिवसाला ५०० मिलिलिटरचा हिशेब मघाशी त्यासाठीच सांगितला. म्हणून नुसतं पाणी काढणं हे आता उपचारापेक्षा चाचणी म्हणून वापरावं, असं मला वाटतं. पाणी काढल्यावर दुखणं गेलं, सिस्ट भरल्यावर परत आलं, तर आरोपी सापडला.

भरू नये म्हणून पोकळीत फायब्रिनचा डिंक सोडायचा. १९९७ साली पटेल आणि सहकाऱ्यांनी ही पद्धत मांडली. पुढे किएरन मर्फी यांनी दोन सुयांची युक्ती वापरली. एकीने पाणी ओढायचं आणि दुसरीतून हवा आत येऊ द्यायची, म्हणजे पोकळी कोलमडून नस ओढली जात नाही. त्यांच्या गटाने २०१६ साली २१३ पेशंटांचे निकाल छापले. वर्षाने पाचांतले चार समाधानी होते, तीन ते सहा वर्षांनी चारांतले तीन. चांगला आकडा आहे. पण या अभ्यासात तुलनेला दुसरा गट नव्हता, आणि सुई टोचल्यावर काही दिवस बरं वाटणं हा मनुष्यस्वभाव आहे, हे विसरू नये. शिवाय सिस्टचं तोंड रुंद असेल तर डिंक मुख्य पाण्यात जातो आणि जंतूंशिवायचा मेनिंजायटिस होतो : ताप, मान आखडणं, भयंकर डोकेदुखी. काही डिंकांत गुरांपासून मिळवलेलं प्रथिन असतं, त्याची ॲलर्जी येऊ शकते. तोंड किती रुंद आहे, हे रंगद्रव्य सोडून सीटी काढून आधी पाहायला हवं. कुणी तुम्हाला डिंकाचा सल्ला दिला तर एवढं एक विचारा : माझ्या सिस्टचं तोंड पाहिलंत का?

मघाच्या त्या शिक्षिका मुंबईला जाऊन हाच डिंकाचा उपचार करून आल्या. आता खुर्चीवर बसून दोन तास घेतात, तिसऱ्या तासाला उभ्या राहतात. पूर्ण बऱ्या झाल्या असं त्या म्हणत नाहीत, मीही म्हणत नाही.

राहिली शस्त्रक्रिया. ती कधी करावी? लघवी-संडासचा ताबा जायला लागला असेल, पायातली ताकद कमी होत असेल, किंवा वर्षभर सगळं करूनही आयुष्य अंथरुणावर आलं असेल आणि आरोप पुरता सिद्ध असेल, तर. त्रिकास्थीचं मागचं हाड उघडतात, सूक्ष्मदर्शकाखाली सिस्टला खिडकी पाडतात, पाणी सोडतात, नसेचे धागे विद्युत उद्दीपनाने ओळखून वाचवतात. सैल भिंतीची चुणी करून ती नसेभोवती शिवतात, आणि मोकळ्या जागेत चरबी किंवा स्नायूचा तुकडा ठेवून वरून डिंक लावतात. नस कापायची नाही, भिंत कापून फेकायची नाही. टार्लोव्ह यांच्या सल्ल्यापासून आपण इतके लांब आलो आहोत. पेशंट नीट निवडले तर बहुतेकांना फरक पडतो, असं शस्त्रक्रियेचे अनुभव छापणारे लिहितात. त्रासही तेच लिहितात : जखमेतून पाणी झिरपणं हा सगळ्यांत नेहमीचा, त्यातून संसर्ग, क्वचित लघवीचा आधी नसलेला त्रास सुरू होतो. बरं व्हायलाही महिने लागतात, कारण वर्षानुवर्षं दबलेली नस एका दिवसात मोकळं वागत नाही. पाणी पोटात वळवणारी नळी बसवण्याचा पर्यायही आहे. नळ्या तुंबतात, मी तो अगदी शेवटी ठेवीन.

डिंक बरा की शस्त्रक्रिया बरी? दोन्हींची नीट, चिठ्ठ्या टाकून गट पाडून केलेली मोठी तुलना झालेली नाही. जो डॉक्टर जे करतो त्याला ते बरं वाटतं, हे आमच्या धंद्यातलं उघड गुपित आहे. म्हणून ज्याच्याकडे दोन्ही होतं, किंवा जो दुसऱ्याकडे पाठवायला कचरत नाही, असा डॉक्टर शोधा. आणि तुमच्यासारख्या किती पेशंटांवर त्याने हे केलं, त्यांना वर्षाने कसं होतं, हे तोंडावर विचारा. राग आला तर ते उत्तरच समजा.

खर्चाबद्दल मोघम बोलतो, कारण आकडे दर वर्षी बदलतात. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत कुटुंबाला वर्षाला पाच लाखांपर्यंत संरक्षण आहे, पण ते ठरलेल्या पॅकेजांवर चालतं. आपली प्रक्रिया कुठल्या पॅकेजात बसते, डिंकाचा खर्च धरला आहे की वेगळा पडणार, हे दाखल होण्याआधी योजनेच्या आरोग्यमित्राकडून लिहून घ्या. ऑपरेशन टेबलावरून फोन करून विचारायची ही गोष्ट नव्हे. तपासणीसाठी मुंबई-पुण्याला पळायची गरज नसते. आपल्या गारखेड्यातलं हेडगेवार रुग्णालय १९८९ पासून उभं आहे, घाटीचं सरकारी रुग्णालय त्याही आधीपासून आहे, एमआरआय आणि मणक्यांचे डॉक्टर शहरात आहेत. आरोप सिद्ध करण्याचं काम इथेच होऊ शकतं. डिंकाचं किंवा सिस्टच्या शस्त्रक्रियेचं ठरलं, तर जिथे ते नेहमी होतं तिथे जावं. गावाच्या अभिमानापोटी कुणाचा पहिला पेशंट होऊ नये.

एकच गोष्ट थांबण्याजोगी नाही. बैठकीचा भाग अचानक बधिर झाला, लघवी तुंबली किंवा नकळत व्हायला लागली, दोन्ही पायांतली शक्ती जायला लागली, तर सिस्ट आहे का गादी आहे, याची चर्चा घरी करू नका. रात्र असली तरी निघा. घाटीचा अपघात विभाग बंद नसतो. अशा वेळी कारण बहुधा मोठी सरकलेली गादी असतं, आणि तिथे तासांवर हिशेब असतो. जाताना जुना एमआरआय बरोबर घ्या. रिपोर्टचा कागद सापडला नाही तरी चालेल, पण सीडी विसरू नका.

आता प्रश्न घेऊ. आपले स्वतःचे रिपोर्ट मात्र इथे काढू नका, मंडळी. बरेच जण पिशव्या घेऊन आलेले मला इथून दिसताहेत.